देव थांबेल ती हद्द

कैसराच्या मोजणीदारानं देवाला कामाला लावायचं ठरवलं, तेव्हा कफरगिल गावातल्या एकाही माणसाला त्यात काही वावगं वाटलं नाही. देव त्यासाठीच तर होता. कोणाची शेळी कोणी पळवली, विहीर कुठं खणायची, पोरगी कुठल्या घरी द्यायची, हे सगळं त्यालाच विचारायचं. चार भोयांनी त्याची पालखी खांद्यावर घेऊन उभं राहायचं, पुजाऱ्यानं प्रश्न विचारायचा, आणि पालखी पुढं गेली तर हो, मागं सरली तर नाही. जागच्या जागी गरगर फिरू लागली तर देव वैतागलाय असं समजून सगळ्यांनी गुमान घरी जायचं. इतका सरळ न्याय बेरूतच्या कचेरीतसुद्धा मिळत नाही, असं कफरगिलवाले छाती फुगवून सांगत. बेरूतची कचेरी त्यांच्यापैकी एकानंही पाहिली नव्हती, ही गोष्ट वेगळी.

मोजणीदाराचं नाव विबियस. सगळा जन्म उन्हात गेलेला, हाडाचा कोरडा माणूस. सैन्यात असताना त्यानं म्हणे अर्धं जग मोजलं होतं. आता कैसराला जहाजांसाठी देवदार हवे होते, म्हणून डोंगरावरच्या रानाची हद्द आखायचं काम त्याच्या गळ्यात पडलं होतं. हद्दीच्या वरचं सगळं कैसराचं, खालचं गावाचं. वर कोणी राहायचं नाही, कुऱ्हाड चालवायची नाही, चूल पेटवायची नाही. हद्द कुठं आहे ते खडकावर हातभर अक्षरांत कोरायचं, आणि त्यासाठी त्रोफिमस नावाचा एक कुरकुऱ्या पाथरवट त्याच्याबरोबर दिलेला होता. शेजारच्या गावात या दोघांचे फार हाल झाले. त्रोफिमसनं दिवसभर खपून कोरावं आणि दुसऱ्या सकाळी येऊन बघावं तर कोणीतरी सगळं खरवडून टाकलेलं. शेवटी त्याच्या छिन्न्याच विहिरीत गेल्या. कफरगिलला पोचेपर्यंत विबियसचा माणूस या जातीवरचा विश्वास पार उडाला होता.

त्यानं सगळ्या गावाला खळ्यावर बोलावलं आणि मोडक्यातोडक्या आरामी भाषेत विचारलं, "तुमच्यात असा माणूस कोण, ज्याचा शब्द कोणी मोडत नाही?"

पुजारी बरसिम्याला कमी ऐकू यायचं. त्यानं कानाला हात लावून प्रश्न पुन्हा ऐकून घेतला. "माणूस? असा माणूस नाही बुवा आमच्यात. माझी बायको माझं ऐकत नाही. देव आहे पण."

"मग देव चालेल. तो पुढं चालेल, मी मागून येईन. तो ज्या खडकापाशी थांबेल त्या खडकावर अक्षरं कोरीन. मग मात्र खरवडायचं नाही."

"देवानं दाखवलेली हद्द कोण खरवडणार, साहेब? हात झडतील की."

"तेच म्हणतो मी," विबियस म्हणाला, आणि त्या महिन्यात पहिल्यांदाच त्याला बसावंसं वाटलं.

खळ्यावर सगळ्यांत मागं उभ्या असलेल्या गद्यानं हे ऐकलं आणि जागच्या जागी टुणकन उडी मारली. आजूबाजूचे लोक बघायला लागले, तेव्हा तो पायात काटा गेल्याचं नाटक करून वाकला, आणि वाकल्या वाकल्या हसत सुटला. चाळिशीला टेकलेला, काडीसारखा माणूस. खालच्या उतारावर त्याची राळेची भट्टी होती. चिडाच्या मुळ्या भाजून तो राळ काढायचा आणि दारूच्या रांजणांना आतून लावायला विकायचा. त्यामुळं त्याला सदा धुराचा वास यायचा आणि हाताला लागलेली वस्तू सहजासहजी सुटायची नाही. पण त्याला उडी मारावीशी वाटली ती यासाठी, की देवाचा मागचा डावा भोई तोच होता.

आणि वरच्या वाडीत शेगल राहत होती.

वरची वाडी म्हणजे झऱ्याच्या वर, अक्रोडांच्या सावलीतली दोन घरं. एक शेगलचं, एक हदीरा म्हातारीचं. शेगल विधवा, चार शेळ्यांची मालकीण, बोलायला तिखट आणि हसायला त्याहून तिखट. अंजिरांच्या दिवसांत गद्यानं तिला लग्नाचं विचारलं होतं. तिनं बराच वेळ त्याला ताटकळत ठेवून सांगितलं, "तुझ्या त्या धुरात मी यायची नाही. तू वर ये राहायला. आंघोळ करून." गद्या दोन दिवस झऱ्यात बसून अंग घासत होता. तेवढ्यात कैसराचा माणूस आला, आणि बोलवा अशी उठली की हद्द झऱ्यावरूनच जाणार. म्हणजे वाडी कैसराची. घर पाडणार, आणि शेगल बेरूतला रंगाऱ्याचं दुकान असलेल्या भावाकडं जाणार. एकदा बेरूतला गेलेलं माणूस कफरगिलला परत आल्याचं कोणाच्याच ऐकिवात नव्हतं.

गद्या खळ्यावरून जो सुटला तो थेट वरच. शेगल तंदुरापाशी बसून भाकऱ्या थापत होती.

"शेगल, हद्द देव ठरवणार," तो धापा टाकत म्हणाला. "मोजणीदार स्वतः म्हणाला. आणि देवाच्या पालखीला मागून डावा खांदा कोणाचा?"

"कोणाचा?"

"माझा की."

तिनं भाकरी तंदुराच्या आतल्या भिंतीला चिकटवली आणि हात बाहेर काढला. "मग? तू काय करणार आहेस?"

"मी कुठं काय करणार? करणार देव. मी आपला उगीच, जरासा..." गद्यानं डावा खांदा किंचित पुढं करून दाखवला आणि स्वतःच खिदळला.

शेगल हसली नाही. "गद्या, खाली बस."

तो बसला.

"यमलूसुद्धा देवाचा भोईच होता," ती म्हणाली. यमलू म्हणजे तिचा गेलेला नवरा. "माझ्या बापानं देवाला विचारलं, पोरगी यमलूला देऊ का. पालखी अशी धावत पुढं आली की बाप चेंगरता चेंगरता वाचला. सगळं गाव म्हणालं, बघा देवाला केवढी घाई. लग्नाच्या रात्री यमलूनं मला हसत हसत सांगितलं, अगं, मीच ढकलली. मीही हसले. वर्षाच्या आत तापानं गेला तो."

"ताप काय, कोणालाही येतो."

"त्याला आला. मला तेवढं पुरे आहे." तिनं भाकरी काढली, ती काठाला करपली होती. "घर गेलं तर मी बेरूतला जाईन. रडेन, भावजयीची बोलणी खाईन, समुद्राचा घाण वास सोसेन. पण तू ढकलून मिळवलेल्या घरात मी तुला पाऊल टाकू देणार नाही. मला पुन्हा कोणाला पुरायचं नाही. देवाची शपथ घे, ढकलणार नाही म्हणून."

गद्यानं शपथ घेतली. न घेऊन सांगतो कोणाला. ती अशी बघत होती की त्यानं कैसराची फौज परतवायचीसुद्धा शपथ घेतली असती. मग त्याला करपलेली भाकरी मिळाली आणि ती खात खात तो उतार उतरला.

अर्ध्या वाटेवर त्याच्या लक्षात आलं की आपली पंचाईत झाली आहे. एक गोष्ट त्यानं शेगलला सांगितली नव्हती, कोणालाच सांगितली नव्हती. बाकीचे भोई म्हणत, देव खांद्यावर आला की दांडी अंगात शिरल्यासारखी होते, पाय आपले राहत नाहीत. गद्याचे पाय कायम गद्याचेच राहिले होते. इतकी वर्षं तो नुसता बाकीच्यांबरोबर चालला होता. ते पुढं गेले की पुढं, मागं सरले की मागं, आणि चेहरा मात्र देव अंगात आल्यासारखा. आता ढकलायचं नाही, आणि देव ढकलतोय हे कळायचंही नाही. म्हणजे त्यानं करायचं काय, तर काहीच नाही. आणि काहीही न करणं हे गद्याला जन्मात कधी जमलं नव्हतं.

देव निघायच्या आधी भोयांनी मांस सोडायचं, कांदा सोडायचा, बायकोपासून लांब राहायचं आणि डोकी भादरून घ्यायची, अशी रीत. चौघं न्हाव्याच्या ओट्यावर जमले. पुढचा उजवा भोई झब्दा, तेलघाण्याचा मालक, एवढा उंच नि जाड की पालखी त्याच्या बाजूनं नेहमी वर उचललेली असायची. पुढचा डावा मालखा. मालखा म्हणजे वरच्या वाडीतल्या हदीराचा जावई, आणि या नात्याचं दुःख तो गावात कोणापासूनही लपवत नसे. मागचा उजवा तैमू; तो न्हाव्यासमोर बसल्या बसल्याच झोपी गेला होता.

झऱ्यापासून दोन वाटा फुटत. एक सपाटीनं, जैतुनांच्या बांधावरून, वाडीच्या खालून घोडखडकाला जायची. दुसरी चढाची, वाडीच्या मागून काळ्या कड्याला. देव झऱ्यापाशी येऊन कुठली वाट धरतो, एवढाच काय तो प्रश्न होता. घोडखडकाला थांबला तर वाडी कैसराची, कड्याला थांबला तर गावाची.

"कडा फार उंच आहे हो," झब्दा वस्तऱ्याखाली मान वाकवून म्हणाला. "देवाचंही वय झालंय आता. त्याला सपाटीच आवडत असणार."

"सपाटीच," मालखा लगेच म्हणाला. "आणि मी काय म्हणतो, कैसर एवढा मोठा माणूस. त्याला दोन घरं जास्त दिली म्हणून आपलं काय बिघडतं? सासूबाईंचं म्हणाल तर त्यांची बहीण आहे सैदाला. जरा लांब आहे." त्यानं सुस्कारा सोडला, पण तो सुस्कारा मध्येच गोड झाला. "चांगलीच लांब आहे."

"पण ठरवणार देव ना?" गद्यानं विचारलं.

"मग काय. देवच ठरवणार," दोघं एकदम म्हणाले आणि दोघांनीही एकमेकांकडे बघायचं टाळलं.

गद्यानं दोघांकडं आळीपाळीनं पाहिलं. त्याला तिथल्या तिथं ओरडून सांगावंसं वाटलं की लबाडांनो, माझ्या संसाराचा प्रश्न आहे. पण सांगितलं असतं तर त्यांनी विचारलं असतं, तुला काय माहीत आम्ही काय करणार आहोत, तू स्वतः कधी केलंस वाटतं? तेव्हा तो गप्प बसला आणि न्हाव्यानं त्याच्या डोक्यावर दोन ठिकाणी कापलं.

मग तो दिवस उजाडला, आणि काय दिवस उजाडला म्हणून सांगू. सगळं कफरगिल झऱ्यापाशी लोटलं होतं. ढोल, झांजा, बकऱ्या, आंबवलेल्या द्राक्षांचे बुधले, लाह्यांसारखी उडणारी पोरं. आदल्या दिवसापासून लोकांनी पोटं रिकामी ठेवली होती आणि सकाळपासून त्या रिकाम्या पोटात नुसती दारू ओतली होती, त्यामुळं गावाला एव्हाना डोंगर थोडा तिरका दिसत होता. देव म्हणजे एक काळा, गुळगुळीत, पोत्याएवढा दगड. त्याला लाल वस्त्र नेसवून, घुंगरं बांधून देवदाराच्या खुर्चीत बसवलेलं. बायका तमालपत्राच्या फांद्या घेऊन मागं उभ्या होत्या. देवाच्या पायाखालची धूळ झाडणं हे त्यांचं काम. सगळ्यांत मागं विबियस, त्याच्या काठ्या धरणारे दोघं गडी, आणि छिन्न्यांची पाटी छातीशी कवटाळून त्रोफिमस.

पालखी उचलली. झब्दाच्या बाजूला ती नेहमीसारखी वर झाली आणि देव जरा कलून मालखाकडे बघू लागला.

"हे उंच डोंगराच्या धन्या," बरसिम्या दोन्ही हात वर करून ओरडला, कारण आपल्याला ऐकू येत नाही म्हणजे देवालाही कमीच येत असेल असं त्याला वाटे. "कैसर विचारतोय, तुझी जमीन कुठवर?"

ढोल थांबले. गद्यानं डोळे मिटले आणि अंगातला सगळा जोर काढून टाकला. मी दोरी आहे, मी लाकूड आहे, मी काही करत नाही, असं तो मनात घोकत राहिला.

आणि पालखी सपाटीकडं निघाली.

गद्यानं डोळे उघडले तर झब्दाची पाठ त्याला स्पष्ट दिसत होती. देव आलेल्या माणसाची पाठ अशी नसते. ती रांगेत घुसणाऱ्या माणसाची पाठ होती. शेजारून मालखा तर जवळजवळ ओढतच होता. तैमू अर्धवट झोपेत मागून येत होता. गद्या चालत राहिला. एकेक पाऊल टाकताना त्याला वाटत होतं की आपण शेगलला स्वतःच्या पायांनी बेरूतला पोचवतोय. घोडखडक समोर दिसायला लागला. त्रोफिमसनं सपाट, सोपा, कोरायला मऊ खडक पाहिला आणि त्याच्या तोंडावर हसू फुटलं. गद्याच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि हात मोकळा नसल्यामुळं ते त्यानं तसंच वाहू दिलं.

तेवढ्यात मालखाच्या पाठीवर फांदी बसली.

"धूळ," म्हातारी हदीरा म्हणाली. "धूळ बसलीय जावईबापूंच्या पाठीवर. देवाच्या भोयाच्या पाठीवर धूळ?"

दुसरी बसली. तिसरी बसली. मालखा "सासूबाई, अहो सासूबाई" करत बाजूला उडाला, त्याच्याबरोबर दांडी उडाली, दांडीबरोबर देव उडाला, आणि पालखी फिरली. झब्दानं तिला सपाटीकडं वळवायला जोर लावला तर ती जास्तच फिरली. एकदा फिरायला लागल्यावर एवढा मोठा दगड कोणाचं ऐकतो? तैमूला जाग आली आणि तो किंचाळला. घुंगरं घणघणू लागली. लोकांना पळता भुई थोडी झाली. विबियसच्या एका गड्याची काठी खुर्चीत अडकली आणि तो काठीसकट गोल फिरू लागला, ती सोडायचं त्या बिचाऱ्याला सुचलंच नाही. त्रोफिमसच्या छिन्न्या चहूकडं उधळल्या.

"हो की नाही?" विबियस ओरडत होता. "हा हो म्हणतोय की नाही?"

"विचार करतोय," बरसिम्यानं ओरडून सांगितलं. कैसराच्या माणसाला देव वैतागलाय म्हणून सांगतो कोण.

गद्याला काही सुधरेना. जैतून, आभाळ, शेगलचं घर, झब्दाचं ढेरपोट, पुन्हा जैतून, पुन्हा आभाळ, पुन्हा शेगलचं घर. ते छोटं मातीचं घर त्याच्या डोळ्यांसमोरून इतक्या वेळा गेलं की शेवटी त्याला तेवढंच दिसायला लागलं. पोटातून हसू उसळत होतं की रडू, तेही कळेना. पाय त्याचे राहिले नव्हते, डोकं त्याचं राहिलं नव्हतं, आणि पुढच्या वेळी घर समोर आलं तेव्हा त्यानं शपथ, ताप, यमलू, सगळं धुळीत टाकून डाव्या खांद्यानं मुसंडी मारली.

पालखी सुटली ती चढाला लागली. आणि लागली म्हणजे काय, धावली. झब्दा पुढं होता, पण आता तो ओढत नव्हता; मागून येणाऱ्या देवाखाली सापडू नये म्हणून जीव घेऊन पळत होता. मालखाच्या मागं फांदी होतीच. तैमू पळता पळता "आलो, आलो" म्हणत होता, कोणाला ते देवालाच ठाऊक. वाडीतल्या कोंबड्या फडफडत झाडावर चढल्या, शेगलच्या शेळ्या दावं तोडून मिरवणुकीत सामील झाल्या, आणि सगळं गाव हसत, खोकत, धडपडत, एकमेकांच्या अंगावर पडत मागून चढू लागलं. गद्याला दांडी हलकी लागत होती. एवढी हलकी, की आपल्या एकट्याच्या खांद्यानं हा डोंगर हललाय असं त्याला क्षणभर वाटलं, आणि पुढच्याच क्षणी आपण काय करून बसलो ते त्याला आठवलं.

काळ्या कड्याला देवाच्या खुर्चीचा पाया धाडकन आपटला. पुढं जायला जागाच नव्हती.

झब्दा होता तिथंच आडवा झाला. सगळ्यांत शेवटी विबियस वर आला, चारी हातापायांवर.

"थांबला का हा?"

"थांबला," बरसिम्या म्हणाला.

"परत नाही ना निघणार?"

"नाही. आता त्याला भूक लागली असणार."

विबियसनं वाडीकडं पाहिलं, ती पार खाली राहिली होती. मग झब्दाकडं पाहिलं, हदीराच्या हातातल्या मोडक्या फांदीकडं पाहिलं. "मी खूप देश मोजले," तो हळूच म्हणाला. "सपाटी सोडून चढाला धावणारा देव पहिल्यांदाच बघितला." पण तो शहाणा माणूस होता, आणि शेजारच्या गावातले दिवस त्याला आठवत होते. "त्रोफिमस, कोर."

"साहेब, हा खडक लोखंडासारखा कडक आहे."

"मग कोणी खरवडणार नाही. कोर."

ठक ठक सुरू झाली आणि गावानं असा जल्लोष केला की पलीकडच्या डोंगरावरचे गुराखी काय झालं म्हणून बघायला लागले. बकऱ्या कापल्या गेल्या, बुधले उघडले, हदीरानं जावयाला स्वतःच्या हातानं पाणी पाजलं आणि मालखा ते मुकाट्यानं प्याला, कारण आता सैदा फारच लांब गेलं होतं. बायका गोल धरून नाचू लागल्या. विबियसला कोणीतरी ओढलं आणि कैसराचा मोजणीदार, डोळ्यांत काहीही भाव न आणता, पाय बरोबर ठेक्यात टाकत नाचला.

एकटा गद्या कड्याच्या कडेला बसून राहिला. लोक येऊन त्याच्या भादरलेल्या डोक्यावर थापा मारत, वा रे भोई म्हणत आणि जात. काही बोलायची गरजच नव्हती, हे त्यालाही कळत होतं. धुळीत कोणाला काय दिसलं? देव चढला, हद्द ठरली, घर वाचलं. मी लाकडासारखा होतो असं म्हणायचं आणि संध्याकाळी आंघोळ करून वर राहायला जायचं. सोपं होतं. पण ज्या माणसाला आयुष्यभर देव अंगात आल्याचं सोंग वठवता आलं, त्याला शेगलसमोर हे एवढंसं सोंग वठेल असं वाटेना.

ती गर्दीतून त्याच्याकडं आली. केसांत धूळ, ओढणी कुठंतरी पडलेली, फांदीही हातात नव्हती.

"बोल," ती म्हणाली. "ढकललंस?"

"ढकललं," गद्या म्हणाला.

तिनं कपाळावरची धूळ पुसली.

"पहिल्यांदा नाही ढकललं. आईशप्पथ, सपाटीवर मी लाकूड होतो. रडलोसुद्धा. पण मग ते फिरायला लागलं, आणि तुझं घर सारखं समोर यायला लागलं, आणि शेगल, मला दुसरं काही सुचलंच नाही. सगळा जोर लावला. उगीच जरासा नव्हे, सगळा. तू मला घरात घेणार नाहीस ते मला माहीत आहे. घेऊ नकोस. पण बेरूतला जाऊ नकोस. तू इथं वर असलीस आणि खालून मला तुझ्या तंदुराचा धूर दिसला तरी माझं भागेल."

शेगल त्याच्याशेजारी मटकन बसली. तिचे खांदे हलायला लागले. गद्याला वाटलं ती रडतेय, आणि ती रडतही होती, पण हसण्यातून रडत होती, आणि तिला दोन्ही थांबवता येत नव्हतं.

"मी तुझ्या मागंच होते," ती म्हणाली. "पालखी फिरत होती तेव्हा मला तुझी मान दिसली. म्हटलं, आता हा शपथ मोडणार. आता हा मरणार. मग मीच फांदी टाकली आणि मागच्या दांडीला हात घातला. म्हटलं, पाप लागायचं तर मला लागू दे, ह्याला नको."

गद्या तिच्याकडं बघतच राहिला. "बाईमाणसानं दांडीला हात लावला?"

"दोन्ही हात लावले. डोकंसुद्धा लावलं."

"म्हणून हलकी लागत होती होय ती? मला वाटलं, माझ्यातच एवढा जोर आहे."

"तुझ्यात?" शेगलनं त्याच्या काडीसारख्या दंडाकडं पाहिलं आणि तिला पुन्हा हसू फुटलं. मग तिनं डोळे पुसले. पलीकडं अजून ढोल वाजत होते, त्रोफिमस कुरकुरत कोरत होता, आणि देव आपला कड्याला पाठ लावून शांत बसला होता. तिनं एकदा त्याच्याकडं पाहिलं, गद्याचा चिकट हात आपल्या हातात घेतला, आणि आता तो लवकर सुटणार नाही याची तिला कल्पना होती.

"भीती वाटते मला," ती म्हणाली. "तुलाही वाटत असेल. पण त्या म्हाताऱ्या देवाला शिक्षा करायला तुझ्याकडं वेगळा आणि माझ्याकडं वेगळा असा दोनदोनदा हेलपाटा कशाला? एकाच घरात राहू. येऊ दे त्याला कधी यायचं ते."